मोबाईल काढून घेतल्याने छळ थांबत नाही

शाळकरी मुले मोबाईलवरून एकमेकांचा छळ करतात, हा विषय निघाला की पहिला उपाय ठरलेला असतो: मोबाईल काढून घ्या. पालकसभेत शिक्षक तो सुचवतात, घरी आईवडील तो अमलात आणतात आणि काही गावांत तर त्याचे ठराव होतात. यवतमाळ जिल्ह्यातल्या पुसद तालुक्यातील बांशीच्या ग्रामसभेने नोव्हेंबर २०२२ मध्ये अठरा वर्षांखालील मुलांना मोबाईल वापरायला बंदी केली. त्याच वर्षी सांगली जिल्ह्यातल्या मोहित्यांचे वडगावने संध्याकाळी सात वाजता भोंगा वाजवून दीड तास टीव्ही आणि मोबाईल बंद ठेवायची पद्धत सुरू केली. ऑस्ट्रेलियाने १० डिसेंबर २०२५ पासून सोळा वर्षांखालील मुलांना समाजमाध्यमांवर खाते ठेवायला कायद्यानेच मनाई केली, आणि काही आठवड्यांतच आपल्या शेजारच्या गोव्यात तसाच विचार सरकारी पातळीवर बोलून दाखवला गेला. मुलांची झोप, अभ्यास आणि डोळे यांच्यासाठी वेळेची मर्यादा हवी, याबद्दल माझे काहीच भांडण नाही; वडगावचा दीड तास तर कोणत्याही गावाने उचलावा असा आहे. माझा विरोध आहे तो या उपायाला छळावरचा उपाय म्हणण्याला. छळणारी मुले, ते बघणारी मुले आणि सोसणारे मूल दुसऱ्या दिवशी सकाळी एकाच वर्गात बसतात. मोबाईल कपाटात गेला म्हणून त्यांच्यातले नाते बदलत नाही. सोसणाऱ्याला घरी तोंड उघडण्याची जी थोडीफार शक्यता होती, ती मात्र संपते.

मोबाईलवरचा छळ म्हणजे कुठल्यातरी दूरच्या अनोळखी माणसाचा उद्योग, अशी एक समजूत या उपायामागे आहे. पैशाची फसवणूक करणारे दूरचे असतात, हे खरे. मुलांच्या छळाचे तसे नसते. लॉस एंजेलिसच्या कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या याना युवोनेन आणि एलिशेवा ग्रॉस यांनी बारा ते सतरा वयाच्या सुमारे साडेचौदाशे मुलांचा अभ्यास करून २००८ साली निष्कर्ष मांडले. ऑनलाइन छळ सोसलेल्या मुलांपैकी ७३ टक्क्यांना तो कोण करतो याची खात्री किंवा जवळजवळ खात्री होती, आणि ८५ टक्के मुलांचा शाळेतही छळ झालेला होता. नॉर्वेचे डॅन ओल्वेयस, ज्यांनी शाळेतल्या छळाचा शास्त्रीय अभ्यास सुरू केला, तेही आयुष्याच्या अखेरच्या वर्षांत हेच सांगत राहिले की पडद्यावर छळली जाणारी मुले बहुतेक करून प्रत्यक्षातही छळली जाणारीच असतात. अमेरिका आणि नॉर्वेचे दाखले आमच्या सिंधुदुर्गातल्या मालवणला कशाला, असे कोणी म्हणेल. पण त्यांचे म्हणणे मालवणला जास्तच लागू पडते. २०११ च्या जनगणनेत सिंधुदुर्गची लोकसंख्या साडेआठ लाखांच्या आत होती आणि आधीच्या दहा वर्षांत ती वाढण्याऐवजी घटली होती. इथे वाड्या लहान, वर्ग लहान, आणि किनाऱ्यावरच्या गावातल्या मुलाला चालत किंवा एसटीने गाठता येईल अशी माध्यमिक शाळा बहुधा एकच. शहरातले मूल शाळा बदलते, क्लास बदलते, गर्दीत मिसळून जाते. इथे वर्गातल्या ज्या मुलाने दुसऱ्याच्या फोटोवर गाढवाचे कान चिकटवून स्टिकर केला, तोच सकाळच्या एसटीत मागच्या बाकावर असतो, संध्याकाळी क्रिकेटला असतो आणि चतुर्थीला आरतीच्या वेळी शेजारी उभा असतो. त्याच स्टिकरची मजल मुंबईपर्यंत जाते, कारण गावाच्या ग्रुपमध्ये चाकरमानीही असतात, आणि मे महिन्यात ते येतात तेव्हा सोसणाऱ्या मुलाला पडलेले नवे नाव त्यांनाही पाठ असते. म्हणून ‘ही शहरातली थेरं, आपल्याकडे कुठली’ हे म्हणणे मला मुळीच पटत नाही. लहान गावात हा छळ कमी दिसतो, कारण तो सोसणाऱ्याला कुठेच जाता येत नाही आणि तो गप्प बसतो.

आता बंदीचा परिणाम कोणावर होतो ते पाहू. युवोनेन आणि ग्रॉस यांच्याच अभ्यासात दहापैकी नऊ मुलांनी छळाबद्दल कुठल्याही मोठ्या माणसाला सांगितलेले नव्हते. ज्या कारणांनी ती गप्प राहिली, त्यांपैकी एक प्रमुख कारण म्हणजे घरचे इंटरनेट बंद करतील ही भीती. सुमारे एक तृतीयांश मुलांनी ते बोलून दाखवले. या एका गोष्टीवर आपल्या पालकसभांनी तासभर बोलायला हवे. ‘काही झाले तर आम्हाला सांग’ आणि ‘काही झाले तर मोबाईल काढून घेईन’ ही दोन वाक्ये आपण मुलाला एकाच दमात ऐकवतो. मूल दुसरे लक्षात ठेवते. त्याचा मोबाईल गेला की वर्गाच्या ग्रुपवर त्याच्याबद्दल काय चालले आहे ते त्याला कळत नाही, पुरावा हातून जातो, आणि त्याच ग्रुपवर येणारा गृहपाठ, सरावाचे प्रश्न, सहलीची सूचना हेही जाते. शिक्षा भोगतो तो. ज्याने स्टिकर केला त्याच्या खिशात मोबाईल शाबूत असतो. मुलीच्या बाबतीत हे अधिक कठोर होते. ‘असर’ या ग्रामीण सर्वेक्षणाच्या २०२३ च्या अहवालानुसार चौदा ते अठरा वयोगटातील, स्मार्टफोन वापरता येणाऱ्या मुलग्यांपैकी ४३.७ टक्क्यांकडे स्वतःचा फोन होता. मुलींमध्ये हे प्रमाण १९.८ टक्के. म्हणजे बहुसंख्य मुली वडिलांच्या किंवा भावाच्या फोनवर असतात. तिच्या फोटोची छेडछाड करून कोणी तो फिरवला, तर तो बऱ्याचदा तिच्या आधी घरच्यांना दिसतो, आणि चौकशी सुरू होते ती तिचीच: फोटो टाकलास कशाला, तो तुला ओळखतो कसा. त्यानंतर फोन बंद होतो, कुडाळ-कणकवलीचे कॉलेज बंद होण्याची भाषा सुरू होते आणि स्थळे बघायला लागतात. छळणाऱ्याला जे हवे होते त्याहून जास्त त्याला आपणच मिळवून देतो.

शिवाय मालवणच्या किनाऱ्यावर ही बंदी पाळली जाणारच नाही, हे सांगायला ज्योतिषी लागत नाही. सिंधुदुर्ग १९९७ साली पर्यटन जिल्हा म्हणून जाहीर झाला आणि आज तारकर्ली, देवबाग, चिवला या पट्ट्यात होमस्टे, बोटी आणि स्कूबा डायव्हिंग यांच्यावर अनेक घरे चालतात. पर्यटकाचा फोन आला की त्याला नकाशा पाठवणे, खोलीचे फोटो टाकणे, पैसे जमा झाले का ते बघणे ही कामे घरातले अकरावी-बारावीतले मूलच करते, कारण ते त्यालाच नीट जमते. हंगामात त्याच्या हातात फोन द्यायचा आणि तक्रार आली की काढून घ्यायचा, असे घर चालत नाही. ऑस्ट्रेलियाचा दाखलाही नीट वाचायला हवा. तिथल्या कायद्याच्या कक्षेत इन्स्टाग्राम, फेसबुक, स्नॅपचॅट, टिकटॉक, यूट्यूब आले. व्हॉट्सॲपसारखी निरोपाची ॲप त्यातून वगळली आहेत. आपल्या मुलांचा छळ वर्गाच्या, क्लासच्या आणि वाडीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर मोठ्या प्रमाणात होतो. म्हणजे जगातली सर्वांत गाजलेली बंदी उद्या जशीच्या तशी इथे आणली तरी ती आपल्या दुखण्याच्या जागेला हात लावणार नाही.

दुसरा आक्षेप जास्त मनापासून येतो आणि त्याला जास्त मनापासून उत्तर द्यायला हवे. मालवणी माणूस म्हणतो की थट्टा आमच्या रक्तात आहे. टोपणनाव नाही असा माणूस गावात नाही, शिवी दिल्याशिवाय आमचे प्रेम व्यक्त होत नाही, आणि आजची मुले फारच हळवी झाली आहेत. यातला पहिला भाग खरा आहे आणि अभिमान वाटावा असा आहे. दशावतारातला संकासुर समोरच्याची खिल्ली उडवतो, शिमग्यात नावे घेऊन बोंबा मारल्या जातात, गंगाराम गवाणकरांच्या ‘वस्त्रहरण’ने ही बोली आणि तिचा तिरकसपणा मुंबईच्या रंगमंचावर नेला आणि मच्छिंद्र कांबळींनी तो घराघरात पोचवला. पण या थट्टेला नियम होते, न लिहिलेले पण सगळ्यांना ठाऊक असलेले. बोलणारा समोर असायचा, त्याचे तोंड दिसायचे. ज्याच्यावर बोलले जाई त्याला तिथल्या तिथे उलट टोला देता यायचा, आणि टोला चांगला बसला तर हसू त्याच्या बाजूने फिरायचे. ऐकणारे तिठ्यावरचे दहा-पंधरा जण असत आणि दिवे लागले की घरी जात. शिमग्याच्या बोंबा शिमग्यापुरत्या असत. पुढे महिनाभर कोणी मारीत राहिला तर गावकर त्याला बोलावून घेत. समोरच्याचा चेहरा पडला तर कोणीतरी ‘पुरे रे’ म्हणे. मोबाईलवर यातले एकही बंधन उरत नाही. स्टिकरवर करणाऱ्याचे नाव नसते. खोट्या नावाच्या इन्स्टाग्राम खात्याला उलट टोला द्यायचा तरी कोणाला? मध्यरात्री दोन वाजताही नवीन कोणीतरी ते उघडत असते, आणि सहा महिन्यांनी वाढदिवसाच्या शुभेच्छांत तोच फोटो पुन्हा वर येतो. छळणाऱ्याला पडलेला चेहरा दिसत नाही. म्हणून त्याला थांबावेसेही वाटत नाही. ज्यांना मालवणी थट्टेचे प्रेम आहे त्यांनी या प्रकाराला तिचे नाव देऊ नये. मुले हळवी झाली म्हणणाऱ्यांनी एवढेच सांगावे की शंभर-दोनशे जणांसमोर, नाव नसलेल्या माणसाकडून, रोज, महिनोन्‌महिने झालेली चेष्टा त्यांच्या तेराव्या वर्षी त्यांच्या वाट्याला आली होती का.

ही गोष्ट यशस्वी मुलांनाही सोडत नाही. कोकण विभाग वेगळा झाल्यापासून दहावीच्या निकालात तो वर्षानुवर्षे राज्यात पहिला येतो, आणि निकालाच्या दिवशी गुणवंतांचे फोटो गावोगावच्या ग्रुपवर फिरतात. एप्रिल २०२४ मध्ये उत्तर प्रदेशात दहावीला राज्यात पहिल्या आलेल्या मुलीचा फोटो असाच फिरला आणि तिच्या गुणांऐवजी तिच्या चेहऱ्यावरच्या केसांची चर्चा देशभर झाली. पुढे तिने मुलाखतीत सांगितले की एक-दोन गुण कमी पडले असते तर बरे झाले असते, म्हणजे हे सोसावे लागले नसते, अशा अर्थाचे. अभ्यासाला एवढे मानणाऱ्या आपल्या जिल्ह्याने हे वाक्य विसरू नये. छळाने झोप उडते, पोटात दुखते, शाळा बुडते, गुण घसरतात. आणि ज्या मुलाच्या मनात आधीच काही दुःख साठलेले असते त्याच्यासाठी तो जीवघेणा ठरू शकतो. आत्महत्येला एकच कारण असते असे म्हणणे चूक आहे, पण छळाकडे दुर्लक्ष करून आपण त्या कारणांत एकाची भर घालतो.

मग धरायचे कोणाला? माझे उत्तर आहे: बघणाऱ्यांना. कॅनडातल्या हॉकिन्स, पेप्लर आणि क्रेग यांनी शाळांच्या मैदानांवर चित्रीकरण करून २००१ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात दिसले की दहापैकी जवळजवळ नऊ प्रसंगांत इतर मुले तिथे हजर होती, मध्ये पडली ती पाचातल्या एखाद्याच वेळी, पण जेव्हा पडली तेव्हा निम्म्याहून अधिक वेळा छळ दहा सेकंदांत थांबला. फिनलंडच्या तुर्कू विद्यापीठातल्या क्रिस्टिना साल्मिव्हाली यांनी याच पायावर ‘किवा’ हा शालेय कार्यक्रम उभा केला आणि २००९ पासून तो त्या देशभरच्या शाळांत गेला. त्यात छळणाऱ्याला उपदेश करण्यापेक्षा उरलेल्या वर्गाला कामाला लावतात: हसायचे नाही, पुढे पाठवायचे नाही, सोसणाऱ्याच्या शेजारी जाऊन बसायचे, मोठ्यांना सांगणे म्हणजे चुगली नव्हे हे पक्के करायचे. चाचणीत शाळेतला छळ घटलाच, मोबाईल आणि इंटरनेटवरून छळ सोसण्याचे प्रमाणही घटले. यामागचे कारण सरळ आहे. छळणाऱ्या मुलाला समोरच्या मुलाच्या रडण्यापेक्षा वर्गाचे हसू जास्त हवे असते. ग्रुपवर चाळीस जणांनी हसरे चेहरे टाकले की तो जिंकला. त्या चाळिसांतल्या चौघांनी ‘काढून टाक’ एवढे दोन शब्द लिहिले की डाव बिघडतो. लहान वर्ग ही आपली कमजोरी म्हणून सांगितली जाते, पण इथे ती ताकद आहे: वीस मुलांच्या वर्गाला शिक्षक एका तासात गोल बसवू शकतो आणि प्रत्येकाला बोलते करू शकतो, साठांच्या वर्गात ते होत नाही. या कामात तांत्रिक शिकवणीचाही वाटा आहे आणि तोही अजून अपुरा आहे. ‘असर’च्या २०२४ च्या अहवालात, समाजमाध्यमे वापरणाऱ्या चौदा ते सोळा वयाच्या ग्रामीण मुलांपैकी ६२ टक्क्यांना एखादे खाते ब्लॉक किंवा रिपोर्ट करता येत होते आणि ५५.२ टक्क्यांना आपले खाते खाजगी करता येत होते. उरलेली मुले दार उघडे टाकून झोपतात, आणि त्यांना कडी दाखवायचे काम अर्ध्या तासाचे आहे.

‘यासाठी पोलीस आहेत, कायदा आहे’ असे जे म्हणतात त्यांच्याशी मी अर्धाच सहमत आहे. नग्न किंवा छेडछाड केलेले फोटो, धमकी, पैशाची मागणी, सतत पाठलाग, खोट्या नावाचे खाते यांच्यासाठी माहिती तंत्रज्ञान कायदा आहे, आणि अठरा वर्षांखालच्या मुलामुलींना २०१२ चा पॉक्सो कायदा आहे. त्याच्या अकराव्या कलमात लैंगिक हेतूने मुलाशी मोबाईलवरून वारंवार संपर्क साधणे आणि खरी किंवा बनावट चित्रे दाखवण्याची धमकी देणे या दोन्ही गोष्टी येतात. सायबर गुन्ह्यांच्या तक्रारीचा १९३० आणि मुलांच्या मदतीचा १०९८ हे क्रमांक प्रत्येक वर्गाच्या भिंतीवर असावेत. २०२१ च्या नियमांनी अशी चित्रे तक्रारीनंतर ठरावीक तासांत काढायचे बंधन कंपन्यांवर घातले, हेही मुलांना माहीत असावे. पण रोजचा छळ या कलमांत बसत नाही. भारतीय न्याय संहितेचे पाठलागाविषयीचे ७८ वे कलम फक्त स्त्रीला संरक्षण देते. वर्गातल्या जाड्या किंवा तोतऱ्या मुलाला त्याचा काही उपयोग नाही. आणि दुखावणाऱ्या प्रत्येक मजकुराला गुन्हा ठरवायचा प्रयोग आपल्याच राज्यात झाला आहे. बाळासाहेब ठाकरे यांच्या निधनानंतर, नोव्हेंबर २०१२ मध्ये, पालघरच्या दोन तरुणींना एका फेसबुक नोंदीसाठी आणि तिला पसंती दिल्याबद्दल अटक झाली, आणि जमावाने त्यांच्यापैकी एकीच्या काकांच्या दवाखान्याची मोडतोड केली. पुढे २४ मार्च २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने माहिती तंत्रज्ञान कायद्यातले ६६ अ हे कलमच रद्द केले. सैल शब्दांचा कायदा दुबळ्याच्या रक्षणासाठी आणला जातो आणि जमावाच्या हातात जातो. शिवाय देवबागच्या चौदा वर्षांच्या मुलाने एका स्टिकरसाठी वडिलांची मजुरी बुडवून ओरोसला पोलीस मुख्यालय गाठावे, अशी अपेक्षा धरणाऱ्याला त्या मुलाचे काही सोयरसुतक नाही असेच मी म्हणेन.

जबाबदारी शाळेवर येते, आणि इथे तिसरा आक्षेप उभा राहतो: शेवटची घंटा झाल्यावर मुले काय करतात याला मुख्याध्यापक कसे जबाबदार? याचे उत्तर महाराष्ट्राने सव्वीस-सत्तावीस वर्षांपूर्वीच देऊन ठेवले आहे. महाराष्ट्र रॅगिंग प्रतिबंध अधिनियम, १९९९ शैक्षणिक संस्थेच्या आत आणि बाहेरही रॅगिंगला मनाई करतो. रॅगिंगच्या त्याच्या व्याख्येत शरीराच्या इजेबरोबर मनाची इजा, भीती आणि लाज वाटेल असे वागणेही येते, चिडवणे आणि शिवीगाळसुद्धा. लेखी तक्रार आली की संस्थेच्या प्रमुखाने सात दिवसांत चौकशी करायची आहे, आणि त्याने टाळाटाळ केली तर त्याने गुन्ह्याला साथ दिली असे मानले जाते. आपण हा कायदा फक्त वसतिगृहांच्या आणि मेडिकल कॉलेजांच्या संदर्भात आठवतो, पण त्यातली शैक्षणिक संस्थेची व्याख्या रुंद आहे, आणि ‘बाहेर’ या शब्दाला मोबाईलचा पडदा अपवाद कसा ठरेल हे मला दिसत नाही. २०२२ साली शासनाने शाळांसाठी मुलांच्या सुरक्षिततेच्या सखी सावित्री समित्या नेमल्या, आणि ऑगस्ट २०२४ मध्ये बदलापूरच्या शाळेतल्या लैंगिक अत्याचाराच्या घटनेने राज्य हादरल्यावर त्यांची पुन्हा आठवण करून दिली. समिती आहे, तक्रारपेटी आहे, कायदा आहे. नाही ती एवढीच सवय, की पेटी दर आठवड्याला दोन माणसांसमोर उघडली जाईल आणि तिच्यातल्या चिठ्ठीवर कोणी हसणार नाही. शिक्षकांवर आधीच कामाचा बोजा आहे, हा आक्षेप खरा आहे; ऑनलाइन माहिती भरण्याच्या कामातून आठवड्याचा एक तास सोडवून देणे शिक्षण विभागाच्या हातात आहे, आणि ते त्याने करावे.

मोठ्या माणसांना मात्र माझ्याकडे सवलत नाही. गावाच्या ज्या ग्रुपवर सरपंचपदाच्या उमेदवाराच्या बायकोचे फोटो जोडून टाकले जातात, जिथे एका पक्षाचे कार्यकर्ते दुसऱ्याच्या जातीवरून, रंगावरून, व्यंगावरून बोलतात आणि शहाणीसुरती माणसे हात जोडल्याचे चिन्ह टाकून पुढे जातात, तो ग्रुप घरातले मूल रोज वाचते, कारण फोन एकच असतो. अहिल्यानगर जिल्ह्यातल्या सौंदाळा गावाने नोव्हेंबर २०२४ मध्ये आईबहिणीवरून शिव्या देणाऱ्याला पाचशे रुपये दंड ठरवला. मुलांच्या मोबाईलला वेळेची मर्यादाही त्याच गावाने घातली, पण मोठ्यांच्या तोंडालाही घातली. दंडाने भाषा सुधारते यावर माझा फारसा विश्वास नाही. बांशी आणि सौंदाळा यांत निवड करायची झाली तर मी तरीही सौंदाळ्याच्या बाजूने उभा राहीन.

शेवटी छळणाऱ्या मुलाविषयी, कारण तोही आपलाच. १९९९ च्या कायद्यात दोषी विद्यार्थ्याला पाच वर्षे दुसऱ्या संस्थेत प्रवेश न देण्याची तरतूद आहे. आठवीतल्या मुलाला ती लावणे म्हणजे त्याचे शिक्षण संपवणे, आणि ज्या तालुक्यात शाळाच मोजक्या तिथे तर निश्चितच. त्या सात दिवसांच्या चौकशीचा उपयोग त्याला हाकलण्यासाठी करण्यापेक्षा, त्याने काय केले ते त्याच्याच तोंडून, त्याच्या आईवडिलांसमोर वदवून घेण्यासाठी करावा. स्टिकर कोणाकोणाला पाठवला त्यांची नावे काढावीत, प्रत्येकाकडून तो पुसून घेण्याचे काम त्यालाच द्यावे, आणि महिनाभराने सोसलेल्या मुलाला एकटे बोलावून विचारावे की थांबले का. थांबले नसेल तर पुन्हा बसावे. आणि हा सगळा महिना सोसलेल्या मुलाचा मोबाईल त्याच्याकडेच राहू द्यावा.